बंगालची चौथाई कोणी भरली?

1751 साली बंगालचा नवाब अलीवर्दीखान आणि नागपूरकर भोसले यांच्यात तह झाला. नवाबाने बंगालच्या चौथाईपोटी दरसाल 12 लाख रुपये देण्याचे कबूल केले, ओडिशाचा वसूल भोसल्यांच्या फौजेकडे लावून दिला आणि मराठ्यांनी सुवर्णरेखा नदी ओलांडू नये असे ठरले. रघूजी भोसल्यांचा हा मोठाच विजय होता आणि मराठी इतिहासग्रंथांत तो तसाच नोंदला जातो. नागपूरहून निघालेल्या स्वारांनी दहा वर्षांत एका संपन्न सुभ्याच्या धन्याला टेकीस आणले, यात खोटे काही नाही. पण जमेच्या बाजूला मांडलेले हे 12 लाख कोणाच्या नावे पडले, हा प्रश्न आपल्याकडे फारसा विचारला जात नाही. तहापूर्वी ज्या गावांवरून फौजा गेल्या त्या गावांनी आधी घरेदारे आणि जीव देऊन, मग वाढीव कर भरून ही रक्कम चुकती केली. बंगालमधला हा संहार कोणा एका सरदाराच्या क्रौर्यातून निघाला असे मला वाटत नाही. फौज ज्या रीतीने उभी राही आणि पोसली जाई, त्या रीतीतच तो होता. म्हणून स्वारी साधो की फसो, रयतेचे नुकसान ठरलेलेच असे.

स्वारीची कारणे दरबारी होती. शाहू महाराजांनी 1738 मध्ये रघूजींना जी सनद दिली तिच्यात वऱ्हाड-गोंडवनाबरोबर पूर्वेकडच्या मुलखाचा, म्हणजे थेट मुर्शिदाबादेपर्यंतचा हक्क होता. हा हक्क कागदावरचा होता, तो वसूल करून दाखवणे रघूजींवर होते. तिकडे 1740 मध्ये अलीवर्दीखानाने गिरियाच्या लढाईत सरफराजखानाला ठार करून बंगालची गादी बळकावली आणि पुढच्याच वर्षी ओडिशाचा नायब रुस्तुमजंग याला हुसकले. रुस्तुमजंगाचा कारभारी मीर हबीब रघूजींकडे मदत मागायला आला. त्याच सुमारास, म्हणजे मार्च 1741 मध्ये, रघूजींनी त्रिचनापल्ली घेऊन चंदासाहेबाला कैद केले होते. तेव्हा फौज ताजी होती, सनद हाती होती आणि वाटाड्या चालून आला होता. दिवाण भास्करराम कोल्हटकर एप्रिल 1742 मध्ये पंचेतच्या डोंगराळ मुलखातून बरद्वानवर उतरले आणि त्यांनी नवाबाची छावणी वेढली. मे महिन्यात त्यांच्या स्वारांनी मुर्शिदाबादेवर झडप घालून सावकार जगतशेठाची कोठी लुटली. पावसाळ्यात अजय आणि भागीरथीच्या संगमावरचे काटवा हे त्यांचे ठाणे झाले आणि भागीरथीच्या पश्चिमेचा मुलूख काही महिने त्यांच्या ताब्यात राहिला. या साऱ्या घडामोडींत बरद्वानच्या विणकराचे किंवा मेदिनीपूरच्या कुणब्याचे कोणाशी कसलेच भांडण नव्हते. गादीवर सरफराज असो की अलीवर्दी, त्याचा सारा ठरलेला होता.

या माणसांवर काय गुदरले याचे सर्वांत जवळून केलेले वर्णन गंगाराम नावाच्या बंगाली कवीचे आहे. त्याच्या काव्याचे नाव ‘महाराष्ट्र पुराण’ आणि उपलब्ध पोथी 1751 ची, म्हणजे तहाच्याच वर्षाची. बारगीर, म्हणजे मराठा स्वार, येत असल्याची आवई उठताच गावे कशी उठली, हे तो जातवार आणि धंदेवार सांगतो. ब्राह्मण पोथ्यांचे गठ्ठे घेऊन निघाले, सोनार तराजू-वजने घेऊन, कोळी जाळी घेऊन. ज्यांनी कधी रस्ता पायाखाली घातला नव्हता अशा बायका डोक्यावर पाट्या घेऊन चालू लागल्या. शेख, सय्यद, पठाणही त्याच गर्दीत होते आणि गरोदर बायका वाटेतच बाळंत होत होत्या. आणि वाटेत कोणी विचारले की तुम्ही बारगीर पाहिले का, तर सगळे म्हणत, आम्ही डोळ्यांनी पाहिले नाहीत, लोक पळताहेत म्हणून आम्हीही पळतो. मग मोकळ्या माळावर स्वारांनी या लोकांना घेरले, सोने-रुपे तेवढे काढून घेतले, बाकीचे टाकून दिले. कोणाचे हात तोडले, कोणाचे नाक-कान कापले, स्त्रियांवर बलात्कार केले, पैसे नाहीत म्हणणाऱ्याच्या नाकात पाणी ओतले. वेढ्यात सापडलेल्या बरद्वानमध्ये केळीचे कंद उकडून खाण्याची पाळी आली, हेही तोच सांगतो. पळणाऱ्यांनी आपापल्या धंद्याची हत्यारे उचलली, या तपशिलाला मी मोल देतो. घर गेले तरी पोट कशावर भरायचे, हा विचार त्या घाईतही सुटलेला नव्हता.

पहिला आक्षेप पुराव्यावर येतो. मराठ्यांच्या क्रौर्याच्या कथा इंग्रजांनी रंगवल्या, कारण मराठे रानटी ठरले की त्यांचे स्वतःचे राज्य न्यायाचे ठरत होते, असे म्हणतात. इंग्रजांच्या लिखाणाबद्दल ही शंका रास्त आहे. ईस्ट इंडिया कंपनीच्या हॉलवेलसारख्या अधिकाऱ्याचे प्रत्येक विधान पारखूनच घ्यावे. पण गंगाराम इंग्रजांचा आश्रित नव्हता आणि त्याने लिहिले तेव्हा प्लासी सहा वर्षे पुढे होती. बरद्वानच्या राजाचे आश्रित पंडित वाणेश्वर विद्यालंकार यांनी 1744 मध्ये ‘चित्रचंपू’ हे संस्कृत काव्य लिहिले. त्यातही शाहूंच्या फौजेने गर्भिणी, मुले, ब्राह्मण आणि दीनदुबळे यांपैकी कोणाचीच गय केली नाही असे म्हटले आहे. गुलाम हुसेन सलीमचा फारसी ‘रियाज-उस-सलातीन’ हा ग्रंथ 1788 चा. नाक, कान, हात कापल्याची हकिकत त्याच्याकडेही येते. एक बंगाली कवी, एक संस्कृत पंडित आणि एक फारसी इतिहासकार यांच्या भाषा वेगळ्या, आश्रयदाते वेगळे, आणि तरी तपशील जुळतो. आकड्यांची गोष्ट निराळी. बंगालमधल्या डच वखारवाल्यांनी मेलेल्यांचा आकडा चार लाखांपर्यंत नेला, पण त्या काळी गावोगाव माणसे मोजण्याचे साधन कोणाकडेच नव्हते. तेव्हा तो आकडा तंतोतंत न धरता त्या व्यापाऱ्यांच्या डोळ्यांसमोर केवढा विध्वंस होता याचे मोजमाप म्हणून घ्यावा. आकडा पुसला तरी घटना पुसली जात नाही.

हे का घडले, याचे उत्तर फौजेच्या हिशेबात सापडते. अठराव्या शतकातला मराठा सरदार बहुधा कर्जातच मोहिमेला निघे. शिलेदारांना घराबाहेर काढायचे तर आधी नालबंदी, म्हणजे आगाऊ रक्कम, द्यावी लागे, बारगिरांना घोडा आणि हत्यार सरदाराने पुरवायचे, आणि या सगळ्यासाठी पैसा सावकाराकडून येई. थोरल्या बाजीरावांनी ब्रह्मेंद्रस्वामींना लिहिलेल्या पत्रांत कर्जाचे रडगाणे आहे. पेशव्यांची ही गत तर इतरांची काय असणार? सावकाराचे व्याज चढत असताना फौजेला दरमहा रोख पगार देणे शक्य नव्हते. मग मुलूखगिरी हाच पगार आणि घासदाणा हीच रसद. परमुलखात गेलेली फौज रोज खाणार, घोडे रोज चरणार, आणि परतताना सावकाराचे देणे फिटेल इतके पदरात पडलेच पाहिजे. त्यातून खंडणीची रीत ठरलेली. जमीनदाराने किंवा पेठेने खंडणी भरली तर गाव वाचावे, न भरली तर जाळावे. कारण एक गाव जाळल्याशिवाय पुढची दहा गावे थैल्या सोडत नाहीत. बंगालमध्ये या रीतीला आणखी धार आली. जोराची लढाई टाळायची, नवाबाच्या तोफखान्याच्या वाटेत यायचे नाही, आणि त्याला वसूल मिळू द्यायचा नाही, असे युद्धाचे धोरण होते. शत्रूचा वसूल बुडवायचा म्हणजे जो वसूल पिकवतो त्याला उठवायचे. तेव्हा रयतेला लागलेली झळ हा या युद्धातला अपघात नव्हता, ते त्या युद्धाचे साधनच होते.

ही गोष्ट सरदारांच्या स्वभावापेक्षा रीतीची होती, याचा पडताळा 1743 मध्ये मिळतो. त्या वर्षी रघूजी स्वतः बंगालमध्ये आले आणि त्यांना हाकलण्यासाठी, बादशहाच्या विनंतीवरून, नानासाहेब पेशवे बिहारमार्गे चालून आले. म्हणजे एक मराठी फौज लुटायला आणि दुसरी वाचवायला. पण वाचवायला आलेल्या फौजेलाही दाणावैरण लागतच होती. बिहारमध्ये ज्यांनी पैसे भरले ते सुटले. दाऊदनगर लुटले गेले आणि तिथल्या जमीनदाराने 50 हजार रुपये देऊन जीव वाचवला. अलीवर्दीखानाने पेशव्यांना फौजखर्चाचे 22 लाख आणि शाहू महाराजांना बंगालची चौथाई देण्याचे कबूल केले, आणि पेशव्यांनी रघूजींना डोंगरापलीकडे रेटले. पुढे ऑगस्टमध्ये शाहू महाराजांनी दोघांचा समेट केला: बंगाल-ओडिशा रघूजींकडे, बिहारचा काही भाग पेशव्यांकडे. ज्या प्रजेच्या रक्षणासाठी 22 लाख घेतले ती पाच महिन्यांत वाटणीत पुन्हा रघूजींच्या वाट्याला गेली. मग 1744 च्या मार्चअखेर अलीवर्दीखानाने मानकऱ्याच्या छावणीत बोलणी करायला बोलावून भास्करराम आणि त्यांच्याबरोबरच्या वीसेक सरदारांना दगाबाजीने मारले. मराठी वाचकाला हा दगा आठवतो आणि तो दगाच होता. परंतु त्याच्या सूडासाठी 1745 मध्ये रघूजी पुन्हा आले तेव्हा मुर्शिदाबादच्या उपनगरांत जी घरे जळली, ती मानकऱ्याच्या तंबूत तलवार चालवणाऱ्यांची नव्हती.

तह झाल्यावर तरी हे थांबले का? जाळपोळ थांबली, देणे थांबले नाही. नवाबाने जमीनदारांवर ‘चौथ मराठा’ नावाचा खास अबवाब, म्हणजे मूळ साऱ्यावरचा जादा कर, बसवला. कंपनीचा अधिकारी जेम्स ग्रँट याने 1786 मध्ये बंगालच्या महसुलाची छाननी केली, तेव्हा या बाबीखाली वर्षाला 15 लाखांवर रक्कम त्याला आढळली. चौथाई 12 लाखांची आणि तिच्या नावाचा कर 15 लाखांचा! जमीनदाराने तो कर कुळांवर वाटला, आणि वाटताना स्वतःचे थोडे चढवले नसेल असे समजण्याचे कारण नाही. शिवाय नवाबाने मराठ्यांशी लढण्यासाठी जमीनदारांकडून मोठमोठे नजराणे उकळले. नदियाच्या राजा कृष्णचंद्राला याच पायी कैद भोगावी लागली. याची शेवटची कडी विलक्षण आहे. 1765 मध्ये दिवाणी, म्हणजे महसूलवसुलीचा हक्क, मिळाल्यावर कंपनीने भोसल्यांच्या चौथाईची मागणी टोलवत नेली, पण नवाबी अबवाब मात्र वसुलाच्या मूळ जमेत धरले. ज्याच्या नावाने कर बसवला त्याला देणे बंद झाले, कर राहिला.

दुसरा आक्षेप असा की त्या काळी सगळेच असे वागत. आजच्या मापाने अठराव्या शतकाला मोजू नये. हे म्हणणे ऐकायला समंजस वाटते, पण मराठ्यांच्याच इतिहासापुढे ते टिकत नाही. शिवाजी महाराजांचे 1673 चे चिपळूणजवळच्या लष्करी छावणीला लिहिलेले पत्र प्रसिद्ध आहे. दाणावैरण जपून वापरा, नाहीतर ती संपल्यावर तुम्ही कुणब्यांच्या घरातून दाणे, भाकर, गवत, भाजीपाला उचलू लागाल, मग ते परागंदा होतील, उपाशी मरतील आणि मोगलांपेक्षा तुम्हीच वाईट असे म्हणतील, असा त्याचा आशय. म्हणजे फौजेच्या पोटाचा आणि रयतेच्या जिवाचा संबंध काय, हे बंगालच्या स्वारीआधी 69 वर्षे मराठी राज्यात लेखी सांगितले गेले होते. यावर कोणी म्हणेल की महाराजांनीही 1664 आणि 1670 मध्ये सुरत लुटली. लुटली, आणि तिथल्या माणसांनाही ते सोसावेच लागले. मुद्दा एवढाच की जपणूक स्वराज्याच्या रयतेपुरती होती आणि परमुलखातली रयत तिच्या बाहेर होती. काळाचे अज्ञान हे काही तिचे कारण नव्हते. त्यातून औरंगजेबाची छावणी 1682 पासून 1707 पर्यंत दख्खनेत होती, तेव्हा मुक्काम करून बसलेली परकी फौज गावांचे काय करते हे महाराष्ट्राने पाव शतक सोसले होते. खुद्द मोगलांच्या चाकरीतल्या भीमसेन सक्सेनाने दख्खनच्या रयतेची दैना लिहून ठेवली आहे. ते सोसलेल्यांच्या नातवंडांनी बरद्वानमध्ये तेच केले. सोसल्याने माणूस आपोआप शहाणा होत नाही, आणि फौजेची रीत तर मुळीच होत नाही.

तिसरा आक्षेप अर्थशास्त्राचा. बंगाल एवढा संपन्न होता की या स्वाऱ्यांनंतरही तिथला कापड आणि रेशमाचा व्यापार चालूच राहिला, युरोपी कंपन्यांची जहाजे भरतच राहिली. मग नुकसान अतिशयोक्त नाही का? व्यापार चालू राहिला हे खरे. पण सुभ्याच्या निर्यातीची सरासरी काढली की बीरभूम, बरद्वान, मेदिनीपूरचा विणकर तिच्यात दिसेनासा होतो. कंपनीच्या कोलकात्याच्या पत्रांत विणकर पळाल्याच्या, माल न मिळाल्याच्या, धान्य महागल्याच्या तक्रारी आहेत; स्वारांची घोडी तुतीच्या मळ्यांत चरल्याने रेशमाचा धंदा बसल्याचे हॉलवेल सांगतो. तुतीचा मळा एका हंगामात पुन्हा उभा राहत नाही. भागीरथीच्या पश्चिमेची माणसे हजारोंनी पूर्वेकडे आणि कोलकात्याकडे सरकली, म्हणून पूर्वेकडचे उत्पादन वाढलेही असेल. पण एका जिल्ह्याची उजाड घरे दुसऱ्या जिल्ह्याच्या भरभराटीने भरून निघत नाहीत. कोलकात्यात 1743 मध्ये रहिवाशांनी शहराभोवती सात मैलांचा खंदक खणायला घेतला, कौन्सिलने त्यासाठी 25 हजार रुपये उसने दिले आणि सहा महिन्यांत तीन मैल खणूनही झाले. मराठे तिथवर आलेच नाहीत आणि खंदक अर्धाच राहिला. पण इंग्रजांच्या तोफांच्या आडोशाला पैसा आणि माणसे सुरक्षित राहतात हा धडा बंगालच्या व्यापारी वर्गाने त्याच वर्षांत घेतला. प्लासीची कारणे पुष्कळ आहेत आणि सगळे खापर भोसल्यांवर फोडणे चूक ठरेल. तरी नवाबाची तिजोरी, जमीनदारांचा विश्वास आणि पश्चिम बंगालची वस्ती या तिन्ही गोष्टी 1757 पूर्वीच खिळखिळ्या झालेल्या होत्या, आणि त्याचा फायदा ज्याने घेतला तो मराठा नव्हता.

ओडिशात मात्र चित्र बदलते, आणि तेच माझ्या म्हणण्याला सर्वांत मोठा आधार आहे. तिथे भोसल्यांचे राज्य 1751 पासून 1803 पर्यंत, म्हणजे अर्धशतकाहून अधिक टिकले. शिवभट साठे, राजाराम पंडित अशा सुभेदारांनी वसुलाची घडी बसवली, पुरीच्या जगन्नाथाची व्यवस्था पाहिली, यात्रेकरूंची ये-जा वाढवली. कोणार्कचा अरुणस्तंभ पुरीच्या सिंहद्वारासमोर आला तो याच अमदानीत. यात्रेकरूंवर कर होता, गढजातच्या, म्हणजे डोंगराळ संस्थानांच्या, राजांकडून खंडणीसाठी चकमकी होत, आणि वसूल नागपूरला जाई. म्हणजे हा अंमल काही धर्मादाय नव्हता. पण माणसे तीच, घराणे तेच, धर्म तोच असताना बरद्वानसारखा संहार तिथे वर्षानुवर्षे चालला नाही, कारण पुढच्या वर्षीचा वसूल याच रयतेकडून यायचा होता. जिथे राज्य करायचे तिथे हात आखडता, जिथून फक्त वसूल काढायचा तिथे हात मोकळा. ज्यांना बंगालची कथा मराठ्यांच्या जात्याच रानटीपणाची कथा म्हणून सांगायची आहे, त्यांना ओडिशा अडचणीचा ठरतो. ज्यांना तीच कथा हिंदू राज्याच्या विस्ताराची म्हणून सांगायची आहे, त्यांना बरद्वान अडचणीचे ठरते.

ही दुसरी अडचण गंगारामाने त्याच काळी अनुभवली होती. त्याच्या काव्याच्या आरंभी बंगालच्या पापांची शिक्षा म्हणून शिवच नंदीला शाहूंकडे धाडतो, म्हणजे मराठे हे देवाचे हत्यार ठरतात. पण स्वारांनी ब्राह्मण-वैष्णवांना मारले, बायकांना छळले, तशी भवानी मराठ्यांवर उलटते आणि नवाबाच्या बाजूने होते. भास्करराम काटव्याजवळ दाईंहाट येथे दुर्गापूजेचा थाट मांडून बसले असताना, सप्टेंबर 1742 मध्ये नवमीच्या पहाटे नवाबाने छापा घालून त्यांना पळवले, ही घटना तिथे तयारच होती. देवीची पूजा करणाऱ्या फौजेऐवजी देवीने मुसलमान नवाबाला जय द्यावा, असे एका श्रद्धाळू हिंदू कवीला वाटले. कोणाच्या देवाचे नाव घेऊन फौज आली यापेक्षा तिने दारात येऊन काय केले, यावर त्याचा निवाडा ठरला.

मराठी इतिहासलेखनाने हा निवाडा मान्य केला म्हणून काही कमी होणार नाही. रघूजींचे धाडस, भास्कररामांची दौड, मानकऱ्याचा दगा, यांतले काहीही पुसावे लागत नाही. औरंगजेबाच्या छावणीने उजाड केलेल्या गावांबद्दल बोलताना आपण रयतेच्या बाजूने उभे राहतो, ते योग्यच आहे. पण तोच नियम 1742 च्या बरद्वानला लावला नाही, तर आपली बाजू रयतेची नसून केवळ आपल्या फौजेची आहे असा अर्थ होतो. बंगालमध्ये आजही लहान मुलांना झोपवताना बारगिरांचे नाव निघते, आणि महाराष्ट्रात त्या स्वाऱ्यांचे नाव निघते ते सीमा किती दूर पोचल्या हे सांगताना. दोन्ही आठवणी खऱ्या आहेत. म्हणून यापुढे 12 लाखांच्या चौथाईचे वाक्य पुस्तकात येईल तेव्हा त्याला लागूनच ‘चौथ मराठा’ या कराचा आणि ती रक्कम भरणाऱ्या कुळांचाही उल्लेख यावा. त्यावाचून तो हिशेब पुरा होत नाही.